लिलावातलं शेत आणि गुरव्वाचा ओटा

"लिलाव माझ्या नावावर झाला, ताबा मला मिळाला, मग सातबाऱ्यावर माझं नाव का न्हाय?" बापूराव माझ्या टेबलासमोर उभे राहून विचारत होते. माढ्याकडचे बागायतदार. आवाज असा की पलीकडच्या खोलीतले कारकून दारात येऊन बघत होते.

"हरकत आली आहे," मी म्हणालो. "बसा."

"बसायला न्हाय आलो मी."

मी तेव्हा तहसील कचेरीत अव्वल कारकून होतो. सत्तरच्या दशकातली गोष्ट, मोठा दुष्काळ सरल्यानंतरची. बँकेकडे तारण असलेली जमीन लिलावात गेली की घेणाऱ्याला सेल सर्टिफिकेट मिळतं. पण तेवढ्यानं गावच्या रेकॉर्डात नाव बदलत नाही. आधी तलाठी फेरफार लिहितो, म्हणजे जमीन कोणाकडून कोणाकडे आणि कशी गेली याची नोंद. मग चावडीवर नोटीस लागते. कोणी हरकत घेतली तर सुनावणी, आणि ती माझ्याकडे. त्यातून पार पडलं की सातबाऱ्यावर नवा मालक.

हरकत होती गुरव्वाची, जुन्या मालकाच्या विधवेची. शेत अक्कलकोटच्या बाजूला. नवऱ्यानं आडतीच्या धंद्यासाठी ते तारण ठेवलं होतं. धंदा बुडाला आणि पाठोपाठ तोही गेला. अर्जात लिहिलं होतं, 'सदर लिलाव बेकायदेशीर असून रद्द करावा.' कचेरीबाहेरच्या झाडाखाली बसणारे अर्जनवीस येईल त्याला हेच वाक्य लिहून देत. लिलाव रद्द करणं माझ्या हातात नव्हतंच.

"सर्टिफिकेट आहे ना?" तहसीलदारसाहेब म्हणाले. "फेटाळा हरकत आणि मोकळे व्हा."

"बाईचं ऐकतो आणि फेटाळतो, साहेब."

सुनावणीला बापूराव होतेच, गुरव्वाही आली. कपाळावर विभूती, गळ्यात लिंग. मी मराठीत दोनदा विचारलं, ती नुसती बघत राहिली. मराठी तिला कळत होतं, पण मनातलं बोलायचं तर कानडीच. माझं आजोळ त्याच बाजूचं. मी कानडीत विचारलं, अव्वा, तुला नेमकं काय पाहिजे?

"होल होगली," ती म्हणाली. "अवरु अल्ले इरली."

शेत जाऊ दे. ते तिथंच राहू देत.

"काय म्हणती?" बापूरावांनी विचारलं.

"उद्या शेतावर सांगतो. जागा बघितल्याशिवाय मी काही लिहीत नाही."

दुसऱ्या दिवशी तलाठ्याला आणि गुरव्वाला घेऊन शेतावर पोचलो, तर बापूराव चिंचेजवळच्या एका दगडी ओट्यावर उभे. खाली दोन गडी पहारी घेऊन तयार.

"हितं खळं करणार, सायेब. उंचवटा हाय, उफणणीला वारा लई चांगला. ह्यो ओटा तेवढा काढून टाकतो."

गुरव्वानं पदर तोंडाशी नेला.

"बापूराव, कशावर उभे आहात माहीत आहे?"

"ओटा हाय की."

"या बाईंचे मालक आहेत खाली. यांच्यात जाळत नाहीत. आपल्याच शेतात पुरतात, बसवून."

"बसवून?"

"बसवून. हातात लिंग देऊन."

बापूरावांनी तिथून जी उडी मारली, ती त्यांच्या देहाला शोभणारी नव्हती. चपला काढून हातात घेतल्या, गड्यांना मागं व्हायला सांगितलं आणि गुरव्वासमोर जाऊन उभे राहिले. "मावशी, म्हाईत न्हवतं वो मला. आमच्याकडं समदे जाळत्यात."

आदल्या दिवसापासून या माणसाचा मला राग आला होता. तो त्या क्षणी गेला. पण व्यवहार त्यांच्या अंगात मुरलेला. लगेच मला बाजूला घेतलं. "सायेब, ह्याच्यावरनं उद्या हिच्याकडचं कुणी शेतावर हक्क सांगंल, मग?"

"सातबाऱ्यावर 'इतर हक्क' असा वेगळा रकाना असतो. तिथं समाधी लिहू. मालक तुम्हीच."

बापूरावांनी जरा विचार केला. "मग वाट बी लिवा. म्हातारी बांधावरनं चालली तर पडंल."

तिथल्या तिथं मी त्यांचा जबाब घेतला. मालकीचा एक फेरफार होताच, समाधीचा आणि वाटेचा दुसरा धरला. तहसीलदारसाहेबांनी कपाळाला हात लावला.

"बँकेनं जमीन बिनबोज्याची विकली, आणि तुम्ही त्यात माणूस बसवताय?"

"तो आधीपासून बसलेलाच आहे, साहेब. खरेदीदाराची संमती आहे, सहीनिशी."

त्यांनी सही निरखली आणि कागद माझ्याकडे परत सरकवला.

मालकाच्या रकान्यात वारस म्हणून लागलेल्या गुरव्वाच्या नावाला कंस पडला, म्हणजे ते कमी झालं, आणि खाली बापूरावांचं नाव चढलं. इतर हक्कात तिच्या नवऱ्याची समाधी आली. तिनं सातबारा माझ्याकडून वाचून घेतला. स्वतःचं नाव गेल्याचं ऐकताना तिचा चेहरा हलला नाही. नवऱ्याचं आलं तेव्हा मात्र म्हणाली, परत वाच.

खळं दुसऱ्या कोपऱ्यात गेलं. तिथं वारा लागत नाही, ही तक्रार बापूराव कचेरीत आले की मला ऐकवीत.

त्यानंतर हरकतीचा अर्ज आला की मी तो आधी बाजूला ठेवायचो आणि माणसाला विचारायचो, तुला काय पाहिजे? बऱ्याचदा ते अर्जात नसायचं.