तीनशे एकेचाळीसवरचं ताजं डांबर

अर्विड स्कोगस्टाड,

येत्या शनिवारी तू ‘तीनशे एकेचाळीस कॅफे’ला टाळं लावणार. चर्चच्या बायकांनी निरोपाचे चार शब्द माझ्याकडून मागितलेत, गोड हवेत म्हणे. ते शनिवारी ऐकशील. हे पत्र वेगळं आहे.

राज्याने १९३४ साली आपला रस्ता ताब्यात घेतला, खडी टाकली आणि त्याला नंबर दिला. तुझ्या वडिलांनी आठवड्याच्या आत तोच नंबर कॅफेवर रंगवला. वर्षभराने तू जन्मलास आणि जन्मभर असा वागलास, जणू राज्य महामार्ग तुमच्या स्वयंपाकघरातून निघतो. बीटच्या शेतांतून तेवीस मैल सरळ रेघ, त्यात वळण एकच. तेही तुझ्या आजोबांनी हातभर जमीन सोडली नाही म्हणून. तिथे बीटचे तीन ट्रक उलटले, तरी तू पाहुण्यांना ते कौतुकाने दाखवायचास.

पुढे रस्ता खचला आणि तू राज्याला पत्रं लिहायला घेतलीस. म्हणजे तू बोलायचास आणि मी लिहायची. सव्वीस वर्षं शाळेत भाषा शिकवलेली बाई, तुला फुकटात कारकून मिळाली. तू सांगायचास, “लिही, एकदा इथून गाडी हाका आणि पोचल्यावर दात मोजा!” मी लिहायची, ‘कृपया प्रत्यक्ष पाहणी करावी.’ अशी एकोणीस पत्रं गेली. उत्तरं तीन आली, तिन्हींत मजकूर एकच.

आणि शहाण्णवच्या जूनमध्ये यंत्रं आली. तेवीसच्या तेवीस मैल नवं डांबर! तू कामगारांना फुकट कॅरॅमल रोल चारलेस. मुकादमाला विचारलंस, “एवढा जाड थर? आमच्यावर एवढी मेहेरबानी?”

“काका, सोडून जाताना नीट करून द्यावं लागतं,” तो म्हणाला.

तू हसून त्याच्या ताटलीत आणखी एक रोल ठेवलास. मी शेजारच्याच टेबलावर होते. घर सोडणारा भाडेकरू भिंतींना चुना मारून देतो, हे कळायला पदवी लागत नाही. माझ्याकडे ती होती, तरी मला कळलं नाही.

मग तुझी मिरवणूक निघाली. अग्निशमनाची गाडी, शाळेचा बँड आणि उसन्या उघड्या मोटारीत तू. माइकवर म्हणालास, “मी लिहीत राहिलो, आणि राज्य हललं!” मी लिहीत राहिलो! मी मांडीवर बटाट्याच्या सॅलडचं पातेलं घेऊन बसले होते. ते तुझ्या डोक्यावर पालथं केलं नाही, हा माझा संयम.

दुसऱ्या दिवशी तू जाडजूड पाकीट घेऊन माझ्या दारात.

“लेनोर, राज्याकडून आलंय. अभिनंदनच असणार. वाच आणि दोन ओळींत सांग, म्हणजे फ्रेम करतो.”

“आपणच वाचा की, लेखकमहाशय.”

“अगं, चष्मा कॅफेत राहिला.”

“कपाळावर आहे तुझ्या.”

“असू दे. त्यांची भाषा तुलाच कळते.”

“वाचते,” म्हटलं आणि ते टेलिफोनच्या पुस्तकाखाली सरकवलं. रागात होते.

सप्टेंबरात दोन माणसं ट्रकमधून आली आणि नंबरच्या पाट्या उपटू लागली. तू कॉफीची किटली घेऊन धावलास. “नव्या लावताय ना?”

“नाही काका, काढतोय. राज्याने रस्ता सोडला, आता तो जिल्ह्याकडे, कौंटीकडे. नवा नंबर नऊ.”

गावसभेत कौंटीचा इंजिनिअर म्हणाला, “राज्याने नोटीस पाठवली, तीस दिवसांत एकही हरकत आली नाही. एक पत्र आलं असतं तरी राज्याला सुनावणी घ्यावी लागली असती.”

“आम्हाला कळवलं कोणी?” तू ओरडलास. मग माझ्याकडे पाहिलंस. मी पर्समध्ये रुमाल शोधत बसले.

त्यानंतर नकाशावरची आपली लाल रेघ करडी झाली, पुढच्या आवृत्तीत पुसली गेली. राज्याची बर्फ काढणारी गाडी पहाटे पाचला यायची, कौंटीची येते दुपारी जेवण करून. ट्रकवाले दुसऱ्या रस्त्याने जाऊ लागले. कॅफेचं नाव बदल म्हणून मीच तुला सुचवलं, तर म्हणालास, “नऊ नंबरच्या कॅफेत कोण मरायला येणार?” तीनशे एकेचाळीसमध्ये तरी कोण येत होतं? वाट चुकलेले, आणि मी. तरी अकरा वर्षं ओढलंस.

सुनावणीत आपण जिंकलो असतो का? बहुधा नाही. पण विसावं पत्र मी तुझ्याच शब्दांत पाठवलं असतं, दातांसकट.

तू ते पाकीट परत कधी मागितलं नाहीस. विसरलास की माझी लाज राखलीस, हे विचारायचं धाडस मला झालं नाही, आणि माझ्या धाडसाबद्दल गावात बरंच बोललं जातं. दरवर्षी टेलिफोनचं नवं पुस्तक येतं. मी जुनं उचलते, नवं त्याच जागी ठेवते. खालचं पाकीट मी अजून फोडलेलं नाही.