भिंतीवरचा बाप

गाव सोडलं त्या सकाळी माझे वडील, आबा, मिठागरावर निघाले होते. माझी पेटी एसटीच्या टपावर चढली, तेव्हा ते एवढंच म्हणाले, "तिकरं तरी कोन राजा करनार हाय तुला?" चिरनेरच्या अलीकडच्या आमच्या गावात, जत्रेच्या नाटकात मला सलग सहा वर्षं भालदार म्हणून उभं केलं होतं. राजा नेहमी त्या घरचा, ज्याच्या अंगणात तालमी व्हायच्या. गाववाल्यांनो, तो राग माझ्या मनात अजून आहे.

शहरात मी वकील झालो, मौलवी झालो, कीर्तनकार, हवालदार, दारुडा सासरा झालो. एका नाटकात तर तीन भूमिका केल्या आणि मिशी बदलायला पुरेसा वेळ मिळावा म्हणून दिग्दर्शकाशी भांडलो. नायक कधीच झालो नाही. पण माझ्यावाचून नाटकवाल्यांचं अडतं हे कळलं आणि मी घासाघीस शिकलो. सुकापूरचा हा फ्लॅट त्यातूनच झाला. गाव इथून फार लांब नाही. पण आता "हाय, नाय" मी कॅमेऱ्यासमोरच बोलतो, लोकांनी हसावं म्हणून.

मागच्या वर्षी एका मालिकेत बापाची भूमिका मिळाली आणि तिसऱ्याच भागात मला मारलं. मी भडकलो. भांडून एक अट लिहून घेतली: हार घातलेला बापाचा फोटो माझाच राहील आणि तो दिसेल त्या प्रत्येक भागाचं मानधन मला मिळेल. घरबसल्या काम! स्वतःवर बेहद्द खूश होतो.

मग गावाहून धाकट्या भावाचा फोन आला. "दादा, आई जेवत नाय. रोज टीवीवर तुजा फोटो बघते, रोज त्याला हार. बोलते, उतरवा कोनीतरी त्याला."

तसाच गेलो. म्हटलं, "आई, सगळं खोटं असतं गं."

"मरन खोटा हाय रं," ती म्हणाली. "फोटो तं तुजाच ना?"

तिथूनच निर्मात्याला फोन लावला, म्हटलं, माझा फोटो उतरवा. तो हसला, "सर, अट तुमचीच होती." आयुष्यात पहिल्यांदा आवाज न चढवता, बदल्यात काही न मागता हातातलं सोडलं. आता त्या भिंतीवर दुसराच कुणी बाप आहे.

त्या दिवशी आईकडे जेवताना समोर भिंतीवर आबांचा हार घातलेला फोटो होता, शेजारी आजोबांचा. माझे नाटकातले फोटो आईनं कधीच भिंतीवर लावू दिले नाहीत. सगळे कपाटात, तिच्या लुगड्यांखाली. घरच्यांनाही माझं कौतुक नाही, असं मी वर्षानुवर्षं धरून बसलो होतो. आमच्याकडे भिंतीवर जातो तो परत न येणारा. माझ्यासारखे जे निघून आलात, त्या तुम्हाला सांगतो: जिथं आपला फोटो लावायला अजून कुणीतरी नाही म्हणतंय, ते घर.