चेहरा आला पाह्यजे

नवरदेवाच्या काकांची हनुवटी दोन बोटांनी उजेडाकडे वळवून तो म्हणायचा, "चेहरा आला पाह्यजे गा, बाकी सब ठीक." आमच्या नंदनवन वस्तीतल्या लग्नांचा सिनेमा काढणारा हा माणूस. असा एखादा तुमच्याही मोहल्ल्यात असेलच. त्याच्यापायी पंगतीला हमखास उशीर व्हायचा. पण पुढे पडद्यावर स्वतःला जेवताना पाहिलं की लोक त्याला माफ करायचे.

मी कोर्टाबाहेर टाइपरायटर घेऊन बसायचो. एकदा तो फिल्मचा डबा छातीशी धरून आला. कोराडीकडे त्याचं गाव. तिथे ग्रामपंचायतीचं मत द्यायला गेला, तर त्याच्यासकट सगळ्या बौद्ध मोहल्ल्याला सांगण्यात आलं, तुमची मतं आधीच पडली. बोटाला शाई मात्र एकाच्याही नव्हती. ह्यानं सगळ्यांना कोरी बोटं वर करून रांगेत उभं केलं आणि कॅमेरा फिरवला. सवयीप्रमाणे एकेक चेहरा स्वच्छ घेतला. आता ती फिल्म निवडून आलेल्या सरपंचाविरुद्ध कोर्टात दाखवायची होती. अर्ज मी टाइप केला, तोही एकही चूक न करता, हे मुद्दाम सांगतो.

तारखेच्या आधी गावाहून त्याची मावशी आली. मी तेव्हा त्याच्या घरीच होतो.

"तू इथं राह्यतं बापा. आमाले उद्या त्या सरपंचाच्याच वावरात जा लागते. काहून घेतले आमचे चेहरे?"

"मावशी, चेहऱ्याबिगर कोर्ट मानत नाही."

"अन् त्यानं कामावरून काढलं तं आमी का खाऊ?"

त्यानं फिल्मचा डबा जवळ ओढला.

मग रोज दुपारी तो खिडकीत भिंग आणि सुई घेऊन बसू लागला. एका सेकंदाच्या चोवीस चौकटी; त्यातल्या प्रत्येकीतले चेहरे तो खरवडून राहिला होता.

"अरे, मग फिल्म देऊच नको ना," मी म्हणालो.

"बोटं तं दिसतीन," तो मान वर न करता म्हणाला.

कोर्टात साहेबांनी पट्टी उजेडात धरली. फिल्मशी छेडछाड झाली आहे, म्हणाले, आणि ही बोटं कोणाचीही असू शकतात. अर्ज फेटाळला. मला साहेबांचा राग आला, मावशीचा आला, त्याचा तर फारच आला. ज्याचा यायला हवा होता, तो बाहेर गळ्यात हार घालून उभा होता.

त्यानंतरही तो लग्नं घ्यायचा, पण कोणाच्या हनुवटीला हात लावत नसे. "जसे हाव तसे राहा," एवढंच म्हणायचा. पंगती वेळेवर बसू लागल्या. मला ते बघवत नसे.

तो गेल्यावर त्याच्या बायकोनं डबा आणि फिल्म दाखवायचं मशीन माझ्याकडे आणून दिलं. रविवारी खिडक्या लावून मी ती फिल्म भिंतीवर चालवली. चेहऱ्यांच्या जागी पांढरे ओरखडे थरथरत होते, शेजारी कोरी बोटं. शेवटी कॅमेरा ओट्यावर ठेवून तो स्वतःच रांगेत येऊन उभा राहिला आणि त्यानं बोट वर केलं. तो एक चेहरा त्यानं खरवडला नव्हता. हनुवटी उजेडाकडे वळवलेली होती.