जाऊन राहिली

प्रेमानंदचं गाव धरणाच्या पाण्याखाली गेलं आणि लग्नाचे व्हिडिओ काढणारा कुही तालुक्यातला हा गडी फिल्मवाला झाला. नागपूरच्या लकडगंजात लाकडाच्या वखारीवर एक खोली, एक जुना कॅमेरा. पोट हळदी-वरातींवर, अन् उरलेला सगळा जीव बुडीतातून उठलेल्या आपल्या माणसांच्या फिल्मवर. त्याच फिल्मनं इंदूबाईचा घात केला होता.

इंदूबाई बुडालेल्या गावातली, त्याच्याच गल्लीतली, एकटी विधवा. पाणी शिरलं त्या दिवशी ज्याचं घर नांदतं होतं, त्यालाच नव्या गावठाणात प्लॉट, असा नियम. पुरावा म्हणून प्रेमानंदनंच मोठ्या तोऱ्यात फिल्म अर्जाला जोडली. पाणी उंबऱ्याशी, इंदूबाईच्या डोक्यावर गाठोडं, आणि कॅमेऱ्याकडे बघत ती म्हणते, "मी कामठीले जाऊन राहिली." म्हणजे निघाली आहे, पोरीकडे, या घटकेला. नागपुरात शेंबड्या पोरालाही कळतं. पण फिल्म पुण्यात दाखवायची होती ना! तिकडचे लोक हसतील म्हणून या शहाण्यानं पडद्याखाली शुद्ध अक्षरं टाकली: 'मी कामठीला जाऊन राहिले.' ले काढला, ला लावला, आणि अकलेचे दिवे पाजळले.

पुनर्वसन कचेरीत पुण्याकडून नुकत्याच बदलून आलेल्या साहेबांनी ते वाचलं. बाई आधीच कामठीला राहायला गेलेली, त्या दिवशी फक्त सामान न्यायला आली असणार, असा अर्थ त्यांनी काढला. अर्ज बाद. आजची सुनावणी शेवटची होती.

प्रेमानंद साहेबांच्या टेबलासमोर बसला होता. इंदूबाई शेजारीच पदर सावरून बसली होती. चूक कुणाची, हे तिला अजून ठाऊक नव्हतं. सांगायची त्याची छातीच झाली नव्हती. आमच्याकडे याचा अर्थ वेगळा होतो, असं त्यानं दोनदा सांगून पाहिलं. साहेब म्हणाले, अर्ज फेटाळला की सगळ्यांनाच नवे अर्थ सुचतात. त्यांनी पेनाचं टोपण काढलं आणि सही करता करता शिपायाला हाक मारून चहाचं विचारलं.

रुपराव शिपाई दारात आला. हात रिकामे.

"आणून राहिलो, साहेब."

प्रेमानंद ताडकन उठला. "आणला का साहेब त्यानं चहा?"

साहेब रुपरावच्या हातांकडे बघतच राहिले. पेन थांबलं.

"तो आणून राहिला, तशीच हे बाई जाऊन राहिली होती. खालची अक्षरं मी टाकली. चूक माही हाये."

बोलून गेला आणि त्याला इंदूबाईकडे बघवेना. साहेबांनी क्लिप पुन्हा लावायला लावली. या वेळी पडद्याची खालची पट्टी त्यांनी फाइलनं झाकली आणि नुसतं ऐकलं. मग आधीचा शेरा खोडून 'दावा मान्य' लिहिलं.

बाहेर आल्यावर प्रेमानंदला वाटलं, म्हातारी आता तोंडावरून हात फिरवेल. कसलं काय!

"माह्या बोलण्यात का खराबी होती गा?"

"काहीच नाही, मावशी."

"मंग बदलवलं काहून?"

अकरा वर्षं आपल्या माणसांचं दुःख टिपत हिंडला, आणि त्यांच्या बोलण्याची लाज त्यालाच वाटली होती. मेल्याहून मेल्यासारखं झालं त्याला. त्यानं तिला कामठीच्या ऑटोत बसवून दिलं.

ऑटो सुरू झाला तशी ती बाहेर वाकली.

"जाऊन राहिली गा," ती म्हणाली. "आता हे तसंच लिवजो."