दोन कुलपांचा रविवार

तुमचे आजोबा गेले, हे मनोहररावांना मीच फोन करून सांगितलं. ते म्हणाले, "मग वहिनी, रविवारी कुलूप कोण उघडणार?" मला राग आला. शाळेपासूनचा मित्र गेला आणि या माणसाला कुलूप सुचतंय. मी फोन ठेवून दिला. ईशान, मीरा, तुम्ही तेव्हा विमानात होतात, म्हणून हे तुम्हाला ठाऊक नाही. आता क्रमाने सांगते. मराठी अक्षरं अडली, तर आईला मोठ्याने वाचायला सांगा.

गौलीगुड्याच्या आमच्या वाचनालयाला पुढे छोटं अंगण आहे आणि अंगणात कडुलिंब. आजोबा आणि मनोहरराव, दोघेही त्या ट्रस्टचे विश्वस्त. नारायणगुड्याच्या शाळेत एका बाकावर बसलेले हे दोघे निवृत्तीनंतरही दर रविवारी सकाळी वाचनालय उघडायचे, वर्तमानपत्रं मांडायचे आणि जेवायची वेळ टळेपर्यंत गप्पा मारायचे. पुढे मनोहररावांच्या मनाने घेतलं की इमारत बिल्डरला द्यावी. तो नवी बांधेल, त्यात एक मजला आपल्याला मिळेल. आजोबा म्हणाले, "मजला मिळेल, पण अंगण जाईल." विश्वस्तांमध्ये दोन तट पडले. खरं कार्यकारी मंडळ आमचंच, असं दोन्ही तट म्हणू लागले आणि ट्रस्ट कोणाच्या ताब्यात, हा वाद कोर्टात गेला.

आजोबांनी तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. म्हणजे दाव्याचा निकाल लागेपर्यंत इमारत कोणालाही द्यायची नाही, काही बदलायचं नाही. पण कोर्टाने एकट्या आजोबांच्या हातातही काही ठेवलं नाही. दाराला दोन कुलपं, प्रत्येक बाजूकडे एकाची किल्ली, आणि वाचनालय उघडायचं ते फक्त रविवारी, दोघांच्या समक्ष. आजोबा घरी आले ते जिंकल्यासारखे दिसत नव्हते. चहा घेताना एवढंच म्हणाले, "मन्याचा चेहरा पाहवत नव्हता गं."

वकिलांनी दोघांनाही बजावलं होतं की समोरच्याशी बोलू नका, बोललेलं उद्या कोर्टात येईल. दोघांनी हे शब्दशः मानलं, जसं शाळेत मास्तरांचं मानलं असेल. तारनाक्याच्या घरून आम्ही दोघं जायचो. माझ्या हातात चहाचा थर्मास. दोन म्हातारे आपापलं कुलूप काढायचे, एका टेबलाशी समोरासमोर बसायचे आणि सगळं बोलणं माझ्यामार्फत व्हायचं. आजोबांना पंख्याशिवाय चैन नसे; मनोहररावांचे कान वाऱ्याने ठणकायचे.

"वहिनी, त्यांना सांगा, पंखा बंद करा म्हणून."

"त्याला म्हणावं, मफलर आण. एवढा दावा लढतोय, मफलर नाही घरात?"

"त्यांना विचारा, हुकुमात पंख्याचं लिहिलंय का?"

"लिहिलंय म्हणावं. काही बदलायचं नाही. पंखा आधीपासून चालूच होता."

मी मध्ये बसून कप भरायची. "साखर नक्को वहिनी," मनोहरराव म्हणायचे, आणि आजोबा वर्तमानपत्राआडून पुटपुटायचे, "डायबेटीस झालाय वाटतं. विचार गं त्याला." मी विचारायची. उत्तर मिळायचं. असे कितीतरी रविवार गेले. हुकूम झाला नसता, तर दोघांनी एकमेकांचं तोंडही पाहिलं नसतं, असं मला नंतर नंतर वाटू लागलं.

शेवटच्या दुखण्यात आजोबांना जिना उतरवेना. त्यांनी किल्ली माझ्याकडे दिली. मी एकटी गेले, तर मनोहरराव पायरीवर बसून राहिले, कुलपाला हात लावेनात. "हुकुमात वहिनींचं नाव नाही. ज्यांचं आहे, त्यांना यायला सांगा." मी परत येऊन सांगितलं. आजोबा उशीवर पडल्या पडल्या हसले... "शिकला कायदा शेवटी." मग भिंतीकडे वळले आणि हळूच म्हणाले, "बरा झालो की जाऊ." ते जाणं राहिलं.

तेराव्याला मनोहरराव आले आणि दाराशीच बसले. "वकील म्हणतो, आता ते नाहीत, हुकूम उठवायचा अर्ज करू. इमारत मोकळी होईल." मी वाट पाहत राहिले. अंगण, कडुलिंब, आजोबांनी इतकी वर्षं धरून ठेवलेलं सगळं त्यांनी वकिलाला दिलेल्या उत्तरावर होतं. "मी त्याला नक्को म्हटलं, वहिनी. उठवला, तर रविवारी मी जायचं कुठं?" तेव्हा मला त्यांचा फोनवरचा प्रश्न कळला.

आमच्या बाजूच्या विश्वस्तांनी आजोबांच्या जागी माझं नाव घालण्याची परवानगी कोर्टातून आणली. दावा चालूच आहे. गेल्या रविवारी मी पहिल्यांदा माझ्या हाताने कुलूप काढलं, शेजारी मनोहररावांनी त्यांचं. आत शिरून मी सवयीने पंख्याच्या बटणाकडे हात नेला आणि थांबले. आता कोणासाठी लावायचा? मग टेबलावर तीन कप मांडले गेले, त्यातला एक उचलून ठेवला. मनोहररावांनी पिशवीतून मफलर काढला, कानांभोवती नीट गुंडाळला. उठले, बटण दाबलं. समोरच्या रिकाम्या खुर्चीवर वारा यायला लागला, टेबलावरच्या वर्तमानपत्राचा कोपरा उडू लागला. त्यावर त्यांनी हात ठेवला.

"वहिनी," ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "त्यांना सांगा, पंखा लावलाय."