वर फिरवलेला आरसा

माझ्या मामांनी जन्मभर माणसं पोचवली आणि त्यातल्या एकानेही कधी तक्रार केली नाही. हा विनोद त्यांचाच. ते हॉस्पिटलच्या शववाहिकेवर ड्रायव्हर होते. गाडी अशी चालवायचे की शेजारून सायकलवाले पुढे निघून जात. त्यामुळे गॅरेजमध्ये त्यांचं नाव 'सावकाश' पडलं आणि मग तेच सगळीकडे चिकटलं. मागून कुणी हॉर्न वाजवला तर म्हणत, "जा बाबा, तुला घाई असेल. माझ्या गिऱ्हाइकाला नाही."

मी त्यांची भाची. त्यांच्याच बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर आईबरोबर राहते आणि रक्त तपासायच्या लॅबमध्ये नोकरी करते. काचेखाली जे दिसत नाही ते नसतंच, असं मानायची मला सवय आहे. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं ऐकून लोक मला भोळी समजतात आणि मला त्याचा भयंकर राग येतो.

मामींचं दुखणं बळावलं तेव्हा डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, आता औषध द्यायचं ते फक्त दुखू नये म्हणून. मामींना ते न सांगताच कळलं होतं. त्या घरात त्यांच्यापासून काही लपवणं कुणाला कधी जमलं नाही. संध्याकाळी त्या उशीला टेकून बसल्या होत्या, मामा त्यांच्या पायाला तेल चोळत होते, तेव्हा मध्येच म्हणाल्या, "अहो, मला तुम्हीच न्यायचं."

"कुठे?"

"उगाच वेड्याचं सोंग घेऊ नका. त्या घोड्याच्या हाती मला द्यायचं नाही, सांगून ठेवते. तो गाडी चालवत नाही, उधळतो. माझी मान मोडेल."

घोडा म्हणजे गॅरेजमधला नवा, तरणा ड्रायव्हर.

"अगं, तेव्हा मान मोडली काय अन् राहिली काय," मामा म्हणाले.

"तुम्हाला काय जातंय बोलायला? मान माझी आहे. वचन द्या."

मामांनी तेलकट हातानेच वचन दिलं. मला हसू आलं आणि मग स्वयंपाकघरात जाऊन रडू आलं.

त्यानंतर थोड्याच दिवसांत गॅरेजच्या साहेबांनी सगळ्यांची लायसन्सं बघायला मागितली आणि मामांचं संपलेलं निघालं. संपून वर्ष उलटलं होतं. मामींच्या दवाखान्याच्या फेऱ्यांत कुणाच्या ध्यानातच आलं नव्हतं. साहेबांनी चावी काढून घेतली आणि मामांना गाड्या धुवायला लावलं. "नवीन करून आणा, त्याच दिवशी चावी हातात देतो," म्हणाले. माणूस वाईट नव्हता. पण मामा घरी आले ते पडलेल्या चेहऱ्याने, आणि मामींनी एवढंच विचारलं, "मग मी थांबू का?"

दुसऱ्या दिवशी मी रजा टाकून त्यांना लायसन्सच्या ऑफिसात घेऊन गेले. जमिनीला खिळलेल्या खुर्च्यांवर तासन् तास बसलो. खिडकीतल्या बाईंनी मामांचं जुनं लायसन्स उलटसुलट बघितलं. "मुदतीत आला असतात तर डोळे तपासून, डॉक्टरांचा दाखला जोडून, फोटो काढून मोकळे झाला असतात. आता गाडी चालवून दाखवावी लागेल."

"बाई, मी जन्मभर गाडीच चालवतोय."

"मग दाखवायला काय हरकत आहे?"

डोळे तपासले, ठणठणीत निघाले. डॉक्टरांनी छातीला नळी लावून दाखला दिला. फोटोवाली मुलगी म्हणाली, "काका, हसू नका." मामा म्हणाले, "कामावरही मला हीच अट आहे."

चाचणी ऑफिसमागच्या मैदानात होती. पांढऱ्या रेघा, जुने टायर, पलीकडच्या टोकाला एक दिव्याचा खांब, त्याला वळसा घालून परत यायचं. गाडी माझी, छोटी. इन्स्पेक्टर सर्दीने बेजार झालेला, बामचा वास येणारा मनुष्य होता. तो मामांच्या शेजारी बसला, मी भिंतीपाशी उभी राहिले. मामांनी बसल्याबरोबर पट्टा लावला आणि हात वर करून मधला आरसा छताकडे फिरवला. इन्स्पेक्टरने तो सरळ केला. मामांनी पुन्हा वर केला. इन्स्पेक्टरने पुन्हा खाली केला आणि काहीतरी खडसावलं. गाडी निघाली आणि खांबापर्यंतही न जाता परत आली.

"नापास," इन्स्पेक्टर मला म्हणाला, जणू मी त्यांची पालक. "हात झकास आहे यांचा. पण मागे बघतच नाहीत. मधल्या आरशात बघा म्हटलं की डोळे मिटतात. गाडी चालू असताना डोळे मिटतात, बाई!"

परत येताना गाडी मी चालवत होते. मी इतकी चिडले होते की गिअर आपटत होते. शेवटी मामाच बोलले.

"आमच्या गाड्यांचा तो आरसा वरच असतो. सगळ्यांचा. मला ज्याने शिकवलं त्याने पहिल्याच दिवशी वर फिरवायला लावला. म्हणाला, बाजूच्या आरशांवर भागव, मागे बघायचं नाही."

"पण का?"

"मीही विचारलं होतं. बोलला नाही. मग एकदा विसरलो, आरसा खालीच राहिला. एका म्हाताऱ्याला न्यायचं होतं. मागे बाकावर त्याचे दोन मुलगे आणि सून बसली. वळणावर सहज नजर गेली तर सुनेच्या शेजारी आणखी एकजण. चौकटीचा शर्ट, हात गुडघ्यांवर, खिडकीतून रस्ता बघत बसलेला. मला वाटलं, असेल भाऊबीऊ. पोचल्यावर दार उघडलं तर उतरली तिघंच. आणि चादर बाजूला झाली तेव्हा..."

"चौकटीचा शर्ट," मी म्हणाले.

"हो. पण भीती त्याची नाही गं. तो शांत होता बिचारा. त्याने आरशात माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली. बसमध्ये ओळखीचं कुणी दिसलं की आपण हलवतो ना, तशी. तेव्हापासून वाटतं, बघितलं की कुणीतरी मान हलवणार."

मी त्यांना समजावलं. दमला असाल, बाप-लेकांचे चेहरे सारखे असतात, कपडे सारखे असतात. मामा "असेल" म्हणाले. त्यांचं 'असेल' म्हणजे 'तू बोल, मी ऐकतो'.

मामींना हे कळलं तेव्हा त्या खोकला येईपर्यंत हसल्या. मग डोळे पुसून म्हणाल्या, "मी बसते मागे. आरशात मी दिसेन. मला बघायला तर भीती नाही ना वाटत?"

"तुला बघायलाच तर वाटते," मामा म्हणाले.

बिल्डिंगमागे एक मोकळं पटांगण आहे. दुसऱ्या दिवशी दुपारी मामींना शाल गुंडाळून, दोन्ही बाजूंना उशा लावून मागच्या सीटवर बसवलं. मी पुढे मामांच्या शेजारी. मामांनी आरसा खाली केला तेव्हा त्यांच्या कपाळावर घाम होता. बघितलं. मामी होत्या. बाकी कुणी नव्हतं. पहिल्याच वळणाला मामी उशीसकट घसरल्या.

"अहो, वळण आलं की आधी सांगत जा! मी काही तुमचं नेहमीचं गिऱ्हाईक नाही. मला लागतं."

तिथून त्यांचा नेमच पडला. वळण आलं की मामा आरशात बघून म्हणायचे, "वळण आहे हं." आणि मामी मागून म्हणायच्या, "हं." ते 'हं' अगदी त्यांचंच होतं. तोकडं, नाकातून आलेलं, किंचित रागावलेलं. लग्नापासून मामांच्या प्रत्येक बोलण्याला त्यांनी हेच उत्तर दिलं होतं. रोज दुपारी आम्ही पटांगणात चकरा मारायचो. मामी रोज थोड्या हलक्या होत होत्या, शाल मोठी होत चालली होती, पण 'हं' यायचं. मामांचे डोळे आता मिटत नव्हते. मला ही दोघं इतकी आवडायला लागली होती की त्रास व्हायचा.

दुसऱ्या चाचणीच्या दिवशी मामींना उठवेना. आई त्यांच्यापाशी बसली आणि आम्ही दोघं निघालो.

इन्स्पेक्टर तोच. मामांनी आरसा खाली ठेवला. गाडी रेघांमधून सावकाश निघाली. वळणाआधी मामांची नजर वर जायची आणि ओठ हलायचे. खांबाला वळसा घेताना गाडी जरा जोरात वळली, मागचं चाक रेघेला लागतं की काय असं वाटलं, पण सावरली. परत आल्यावर इन्स्पेक्टर उतरला आणि मान चोळत उभा राहिला.

"पास," तो म्हणाला. जायला निघाला, पुन्हा वळला. "बाई, तुमच्या गाडीचं मागचं दार नीट लागत नाही का? मानेवर गार वारा येत होता."

दार घट्ट लागलेलं होतं. काचाही वर होत्या.

मामा स्टेअरिंगवर हात ठेवून तसेच बसले होते. मी दार उघडलं तेव्हा म्हणाले, "ती होती मागे. शाल घेऊन. मान हलवली तिने."

मामांना आरशात दिसलं म्हणजे काय, ते आता मलाही ठाऊक होतं. विश्वास नसला म्हणून काय झालं, फोन काढायचा तो काढलाच. आईला लावला. उचलला नाही. पुन्हा लावला. मी मामांना शेजारच्या सीटवर ढकललं आणि गाडी काढली. आणि मामा, जन्मात कधी न म्हणालेले, म्हणाले, "जोरात चालव."

जिन्यातून धावत गेलो. दार उघडंच होतं. आई रडवेली होऊन बाहेर आली. "किती गाढ झोपल्या होत्या वहिनी! हाका मारल्या, हलवलं, उठेचनात. दादा, मी पार घाबरले होते. आत्ता, आत्ता डोळे उघडलेत."

मामी उशीवर डोकं टेकून दाराकडेच बघत होत्या.

"झालात ना पास?"

"झालो," मामा धापा टाकत म्हणाले.

"त्या खांबापाशी केवढं जोरात वळलात हो! आणि सांगितलंही नाहीत आधी. मी पडले असते."

मामांनी माझ्याकडे बघितलं. "तिथे सांगायचं राहिलं," ते मला हळूच म्हणाले. मामींनी ते मैदान कधी पाहिलेलं नव्हतं. आमच्या पटांगणात खांब नाही. मी लॅबमध्ये काम करते, आणि मला यावर आजही काही म्हणता येत नाही.

लायसन्स आलं तेव्हा मामी होत्या. त्यांनी ते हातात धरून फोटो बघितला, "चोर दिसताय," म्हणाल्या आणि उशीखाली ठेवून दिलं. मग एका दुपारी, मामा त्यांना पाणी पाजत असताना, त्या गेल्या. पाण्याचा घोट तोंडातच राहिला.

साहेबांनी शब्द पाळला. गाडी त्या घोड्यानेच धुऊन पुसून आणली आणि चावी मामांच्या हातात देऊन मान खाली घालून उभा राहिला. मागे मामींजवळ बाकावर आई एकटीच बसली, बाकीचे दुसऱ्या गाड्यांतून येणार होते. मी पुढे, मामांच्या शेजारी. मामांनी हात वर केला आणि आरसा खाली ओढला. इतकी वर्षं वरच राहून त्याचा सांधा गंजला होता, तो करकरला. मामांनी तो बोटाने पुसला, नीट लावला आणि गाडी सुरू केली.

पहिलं वळण आलं. मामांनी आरशात बघितलं.

"वळण आहे हं."

"हं," मागून आलं.

मला हुंदका आला. वाटलं, आईला किती समज आहे, भावाचं मन राखते आहे. पुढच्या वळणालाही तसंच. त्याच्या पुढच्याही. तोकडं, नाकातून, किंचित रागावलेलं. मामांचा चेहरा शांत होता, इतका शांत मी तो कित्येक महिन्यांत पाहिला नव्हता. आरसा त्यांच्याकडे वळलेला होता, मला त्यात फक्त खिडकीची कड दिसत होती. मान वाकवून बघता आलं असतं. मी बघितलं नाही.

पोचलो. मी उतरून मागचं दार उघडलं आणि आईला हात दिला.

"आई, बरं केलंस त्यांना उत्तर देत होतीस ते," मी म्हणाले.

आई पायरीवरच थबकली. "मी? मी तर तोंडात पदर धरून बसले होते. मला वाटलं, तूच देते आहेस."

मागच्या गाड्यांतून माणसं उतरू लागली होती. मी पुढे जाऊन मामांच्या खिडकीवर टकटक केलं. ते स्टेअरिंगवर हात ठेवून बसले होते, नजर आरशात.

"मामा, चला. पोचलो आपण."

"थांब जरा," ते म्हणाले. "तिला आधी उतरू दे. घाई कुणाला आहे?"

मी परत मागे गेले आणि दार धरून उभी राहिले.