रावण कोणी काढल्यान?

घरात कायव नवीन इला की किस्से आपसूक साठतत. आमच्या पिंगुळीत माझ्या पुतणीन, सुमनान, चित्रा काढणारो लोखंडी हात बनवल्यान, आणि माका गजालीक बसाक निमित्त गावला!

सुमन इंजिनियर. ह्या लोखंडी हातान काढलेला चित्र तिका गोव्याक पणजीच्या प्रदर्शनात लावचा होता. नाय निवडला तर? बापाशीन तिका सांगून ठेवलेल्यान, "मशीन भंगारात, आणि तू पुण्याक नोकरेक!"

*

हात शिकतलो कसो? मी पिढीजात चित्रा काढणारो; माझ्या मनगटाक वायर बांधायची, मी रामायणाची चित्रा काढायची, तो मागसून तशीच काढतलो. मी सीता काढी होतंय. मदीच डास चावलो. मारलंय फाटकन!

दुसऱ्या दिसा हातान सीता काढल्यान, नाकापर्यंत. आणि कागदार फाटकन चापट!

"काकानू, डास चावलो तरी हलू नकात!"

"गो, मी हललंय एकदाच. ती बिचारी रोज मार खाता!"

*

एकदा हात चलाच ना. बायको म्हणाली, "देवाक गाराणा घातलात?"

झाला! नारळ ठेवन मी सुरू केलंय, "बा देवा म्हाराजा, ह्या लोखंडाक अक्कल दी रे म्हाराजा!" सगळे वराडले, "होय म्हाराजा!"

हात चललो!

सुमन टेबलाखालसून भायर इली. "प्लग निसटलेलो. मी लावलंय."

बायको म्हणाली, "तुका टेबलाखाली कोणी धाडल्यान?"

*

प्रदर्शनवाल्यांचो नियम, चित्राखाली नाव एकाचाच.

"मशीन माझा," सुमन म्हणाली.

"वळण माझा," मी म्हटलंय.

"रंग कोण वाटता?" बायको.

शेजारच्या पेद्रून आपल्या घरातसून आमका लाईटीची वायर दिलेली. तो कुंपणापलीकडसून वराडलो, "करंट माझो!" मी म्हटलंय, "काढून दाखव बघू!" त्यान वायरच काढल्यान. हात थांबलो.

"बघलास?" पेद्रू म्हणालो. "चित्रकार रुसलो की काम बंद!"

रावणाचा चित्र बिननावाचाच रवला.

*

मगे पणजीचे साहेब निवडूक घराक इले. भिंतीक रावण लावलेलो. साहेबांनी चष्मो पुसून तोंडा मोजल्यानी.

"नऊच?"

शिकवताना नऊ झाली आणि मी पान खावक उठलेलंय. मगे कोणीच मोजूक नाय! सुमनाचा तोंड उतारला.

"हे कोणी काढलं?"

"काकांनी शिकवलं," सुमन म्हणाली.

"काढल्यान मशीनान," मी म्हटलंय. "माका मोजूक खंय येता, साहेब?"

पेद्रू दारातसून, "मी नुसती वायर दिलंय हां!"

तेवढ्यात गावाची लाईट गेली. साहेब चित्र घेवन खिडकीकडे गेले. बघतच रवले. मगे वळले.

"दहावं तोंड बघणाऱ्याचं! वा! हे चित्र घेतलं. पण कल्पना कोणाची?"

सुमनान हात वर केल्यान. मी केलंय, मनगटाक वायर तशीच. बायकोन केल्यान, पेद्रून पण.

लाईट इली. मशीनान सावकाश हात वर केल्यान.